बेशुद्ध माणसाची खरेदी

१

चष्म्याच्या दुकानाचे मालक अतिदक्षता विभागात बेशुद्ध पडलेले असताना त्यांनी रस्त्यापलीकडच्या मोठ्या दुकानातून भेटकार्डांची थप्पी विकत घेतली. निदान बँकेचा निरोप तरी तसंच सांगत होता. मालकांच्या नाकात नळी, तोंडात नळी, छातीवर ताजे टाके, आणि त्याच वेळी त्यांच्या पाकिटातून टॅप करून पैसे गेले. पाकीट म्हणजे चामड्याचं नव्हे. हल्ली ज्याला पाकीट म्हणतात ते, फोनमधलं, ज्याचा आवाज येत नाही आणि जे खिशाला जडही होत नाही.

तो निरोप ज्या फोनच्या बंद पडद्यावर झळकला, तो फोन त्या वेळी भिंगच्या हातात होता. भिंग म्हणजे मालकांच्या दुकानाची सगळी व्यवस्था बघणारी बाई. काचेवरचा केसाएवढा ओरखडा तिला लांबून दिसायचा, म्हणून मालकांनीच तिला हे नाव ठेवलं होतं. मालकांना बायको-मुलं नव्हती. ऑपरेशनला जाताना त्यांनी बहीण आणि पुतण्या दोघं शेजारी उभे असताना फोन दिला तो भिंगच्या हातात. निरोप वाचल्याबरोबर ती मालकांच्या उशापासून उठून बाहेर धावत आली आणि म्हणाली, "मालकांचे पैसे कोणीतरी उचललेत."

बोंब तिने मारली आणि दुसऱ्या दिवशी चोर तीच ठरली. पुतण्याने भर दुकानात, दारं सताड उघडी, चार गिऱ्हाइकं उभी असताना, तिच्या टेबलाचा खण ओढला आणि आतून एक कोरं भेटकार्ड उचलून सगळ्यांना दाखवलं. म्हणाला, "ही बघा, काकांची लाडकी!"

संध्याकाळी भिंग तिच्या आत्याच्या घरी येऊन बसली, तेव्हा तिच्या हातात एक टाइप केलेला कागद होता. 'माझ्याकडून चूक झाली, मी दुकान सोडत आहे' असा मजकूर आणि खाली सहीला जागा. उद्या संध्याकाळपर्यंत सही, नाहीतर पोलिसांत तक्रार.

"केलीस सही?" आत्याने विचारलं.

"हात तुटला तरी करणार नाही."

"मग चहा घे," आत्या म्हणाली आणि तिने गॅस पेटवला.

२

आत्याची सगळी हयात विमा कंपनीत दावे तपासण्यात गेली होती. रिकाम्या गोदामांना लागलेल्या आगी तिने पाहिल्या होत्या, आणि विम्याच्या पैशांसाठी कागदोपत्री मेलेली माणसं तिला टपरीवर चहा पिताना सापडली होती. निवृत्त होताना साहेबांनी भाषणात सांगितलं होतं की बाईंचा स्वतःच्या सावलीवरसुद्धा विश्वास नाही. आत्याने ती आपली स्तुतीच मानली होती.

चहाचा कप पुढे करून ती म्हणाली, "एकदाच विचारते. घेतलेस पैसे?"

"नाही."

"बरं. हे पुन्हा विचारणार नाही. बाकीचं मात्र सगळं विचारणार. फोन उघडतो कसा?"

"मालकांच्या अंगठ्याने. दुसऱ्या कोणाच्याच नाही. आणि फोन उघडल्याशिवाय टॅप होत नाही."

"मग तू तो कसा उघडलास म्हणतात ते?"

भिंगचा आवाज चढला. "मी म्हणे आत जाऊन बेशुद्ध माणसाचा अंगठा फोनवर टेकवला! ज्या माणसाने मला काम शिकवलं, त्यांच्या उशाशी बसून मी हे केलं! आत्या, पैसे चोरल्याचं एक वेळ सहन करीन मी, पण हे नाही."

"रागाव, पण उत्तरं दे. मधे फोन कुठे विसरलीस? बाकावर? बेसिनपाशी?"

"कुठेच नाही. क्षणभरही माझ्याकडून हलला नाही."

आत्याने कप खाली ठेवला. "नीट विचार कर. 'थोडा वेळ बाकावर राहिला होता' एवढं म्हटलंस तर तुझी सुटका होईल. संशय दहा जणांवर जाईल."

"पण तो राहिला नव्हता. खोटं बोलून सुटायचं असतं तर सही करूनच सुटले असते की!"

आत्याला मनातून फार बरं वाटलं, पण तसं दाखवायची तिची पद्धत नव्हती. उभ्या जन्मात तिने समोरचा माणूस खोटं बोलतोय असं धरून चौकशी केली होती. आज पहिल्यांदा उलटं करून बघायला हवं होतं. भिंग बोलते ते अक्षरन् अक्षर खरं. फोन अंगठ्याशिवाय उघडत नाही, फोन भिंगजवळच होता, आणि भिंगने तो उघडला नाही. याचा अर्थ एकच निघत होता. पैसे फोनने दिलेच नव्हते.

मग दिले कोणी?

"त्या दुकानातला कॅमेरा?" तिने विचारलं.

"चित्रण फक्त पोलिसांना देतात. मी म्हटलं, करा तक्रार, आत्ता करा! तर पुतण्या म्हणतो, दुकानाचं नाव खराब होईल. खातं मालकांचं, त्यामुळे मी गेले तर पोलीस म्हणतात खातेदार आणा."

"म्हणजे जिला चोर ठरवलं ती म्हणते पोलीस बोलवा, आणि फिर्यादी म्हणतो नको." आत्याने चष्मा पुसला. "पाणी कुठेतरी मुरतंय, बाई."

३

मालकांच्या बहिणीला सगळे माई म्हणत. सकाळी रुग्णालयाच्या प्रतीक्षाकक्षात माई मांडीवर मोठी पर्स घेऊन बसल्या होत्या. आत्या शेजारी बसली तशी त्यांनी पर्स पोटाशी धरली.

"तुमच्या भाचीची वकिली करायला आलात?"

"नाही हो. तुमच्या भावाची तब्येत विचारायला आले."

एवढ्याने माई विरघळल्या. माणसाला बोलतं करायचं तर त्याच्या दुःखाबद्दल विचारावं, चुकीबद्दल नव्हे, हे आत्या कामातच शिकली होती. माईंनी ऑपरेशनची सकाळ पहिल्यापासून सांगायला घेतली. भाऊ कसा हसत होता, सिस्टरने एकेक वस्तू कशी काढून घेतली.

"अंगठी निघेना, साबण लावून काढली. ती माझ्याकडे. दातांची कवळी डबीत. चष्मा या तुमच्या भिंगकडे. ते पावलं मोजायचं घड्याळ बाळने ठेवलं."

"बाळ म्हणजे पुतण्या?"

"मी बाळच म्हणते. फार जीव त्याचा काकांवर. फोटो काढू म्हणाला, काका, तुमच्याच फोनवर काढू, म्हणजे नंतर तुम्हाला बघता येईल. भावाने स्वतः अंगठा लावून फोन उघडून दिला. भिंगने काढला फोटो. काढल्यावर फोन बंद करून परत हिच्याकडेच." माईंनी डोळे टिपले. "दिवसभर बाळ इथे माझ्याशेजारी बसून होता. फक्त मला औषधाची गोळी आणायला तेवढा खाली गेला. पण आत काही गेला नाही. म्हणाला, माई, काकांना तसं बघवणार नाही मला."

"हळवा आहे म्हणायचा."

"अगदी लहानपणापासून!"

"आणि तुमच्या भावाने दुकानात भिंगला भागीदार करायचं ठरवलं होतं, ते त्याला माहीत होतं?"

माईंचे डोळे कोरडे झाले. "रक्ताचा वारस असताना परक्या बाईला कशाला भागीदारी, हे मीसुद्धा विचारलं होतं. पण म्हणून बाळने काही केलं असं तुम्हाला म्हणायचं असेल तर उठा इथून."

आपला तो बाब्या, दुसऱ्याचं ते कार्टं, हे आत्याच्या ओठांवर आलं होतं. तिने ते गिळलं. बाळ खाली गेला होता, पण फोन घेऊन गेला नव्हता. फोनशिवाय टॅप कशाने केलं, हे कळत नव्हतं तोवर बाळवर बोट ठेवायला जागा नव्हती.

४

दुकानाच्या मागच्या खोलीत चष्म्याच्या काचा घासायचं यंत्र होतं आणि त्यामागे काचकाका. दुकान उघडल्या दिवसापासूनचा कारागीर. टॅप, स्कॅन, पाकीट या सगळ्यावर त्याचा मनापासून राग. गिऱ्हाइकाने काउंटरवर फोन टेकवला की हा आतून खाकरायचा. शिवाय ज्या दुपारी पैसे गेले त्या दुपारी तो दुकानात नव्हता, आणि कुठे होता ते कोणालाच सांगत नव्हता. त्याच्याकडे सगळ्या खणांच्या किल्ल्या होत्या.

"मला विचारू नका," तो म्हणाला. "मी बाहेर होतो. माझं काम होतं."

"काय काम?"

"खासगी."

आत्याने त्याच्या हातातली काच घेतली आणि खिडकीपाशी धरली. मग ती त्याच्यासमोर धरून म्हणाली, "यावरची खूण वाचा बरं."

काचकाकाने काच जवळ नेली, लांब नेली, पुन्हा जवळ नेली. त्याचे कान लाल झाले.

"दुसऱ्या दुकानात डोळे तपासायला गेला होतात," आत्या म्हणाली. "इथे तपासले असते तर सगळ्यांना कळलं असतं, की चष्म्याच्या कारागिरालाच दिसत नाही."

"कोणाला सांगू नका हो," काचकाका म्हणाला. "चष्मा मिळेल परवा. मालकांना कळलं तर जन्मभर हसतील."

"नाही सांगत. त्या बदल्यात एक सांगा. फोन हातात न घेता मालक कधी पैसे द्यायचे का?"

"रोज! फोन खिशातून काढायचासुद्धा कंटाळा. ते घड्याळ नाही का बाळने वाढदिवसाला दिलेलं? कोपऱ्यावरच्या चहावाल्याकडे जायचे आणि मनगट पुढे करायचे. झालं! मी म्हणायचो, मालक, उद्या नाक घासून पैसे द्याल."

आत्याने कपाळावर हात मारला. घरातले, दारातले, सगळे त्याला पावलं मोजायचं घड्याळ म्हणत होते. पाकीट मनगटावर होतं आणि अख्खं जग फोनभोवती फिरत होतं.

"म्हणजे ते घड्याळ ज्याच्याकडे, त्याला पैसे देता येतील?"

"छे! तेवढं सोपं नाही. हातातून काढलं की त्याला कुलूप लागतं. परत घातलं की आकडा मागतं. मालकांना तो आकडा कधी आठवायचा नाही, रोज चिडायचे. मग बाळने त्यात काहीतरी युक्ती करून दिली. त्यानंतर मालक आकडा घालताना दिसले नाहीत. मला त्यातलं काही कळत नाही बुवा."

आत्या यंत्राशेजारच्या स्टुलावर बसली. आकडा मालकांनाच ठाऊक नव्हता, तर तो घातला कोणी? आणि आकड्याशिवाय कुलूप उघडलं कशाने?

५

अतिदक्षता विभागाच्या दारातली सिस्टर कडक होती. तिने आत्याला आत सोडलं नाही, पण दारात उभं राहून बोलायला तिची हरकत नव्हती. मालकांच्या नळ्या आता निघाल्या होत्या आणि दुपारी त्यांना साध्या खोलीत हलवणार होते.

"ऑपरेशनच्या वेळी हृदय चालूच असतं का हो?" आत्याने विचारलं.

"यांचं थांबवलं होतं. थांबवून मगच टाके घालतात. तेवढा वेळ रक्त यंत्र फिरवतं."

"अगदी बंद?"

"अगदी. एक ठोका नाही."

आत्याने मान हलवली. आत जाणारा एक डॉक्टर दाराशी थांबला, मनगटातलं घड्याळ काढून त्याने खिशात टाकलं, बाह्या वर सारल्या आणि कोपरापर्यंत हात धुतले. आत्या ते टक लावून बघत राहिली.

"हे सगळ्यांनाच करावं लागतं?"

"सगळ्यांना. अंगठी, घड्याळ, धागा, काही चालत नाही. तुमची भाची पहिल्या दिवशी दर वेळी नीट धुऊन आली. त्यांचा पुतण्या मात्र दारापर्यंत आला आणि मी बाह्या वर करा म्हटल्यावर परत गेला. म्हणाला, बघवणार नाही."

"अजूनही बघवत नाही त्याला?"

"कुठलं! काल आला, आज सकाळीही आला. चांगला पाय चेपत बसतो."

फक्त पहिल्याच दिवशी हळवा! आत्याने भिंगला फोन लावला.

"एवढंच सांग. मालक सकाळी दुकानात आले की घड्याळ घालायचे. त्यानंतर काय करायचे?"

"काही नाही. फोन उघडून बातम्या बघायचे." भिंगच्या डोक्यातही तेच चाक फिरायला लागलं असणार. "आत्या! घड्याळ हातात असताना फोन उघडला की घड्याळपण उघडतं. तशी सोय असते. आणि घड्याळ कोणाच्या हातात आहे हे फोनला कुठे कळतंय?"

"आलं लक्षात. आता दुपारी इकडे ये. आणि तो कागद घेऊन ये. सही न केलेला."

६

पुतण्या दिसायला देखणा होता आणि बोलायला त्याहून गोड. साध्या खोलीबाहेरच्या बाकावर त्याने आत्याला जागा करून दिली.

"आत्याबाई, तुमच्याबद्दल मला आदर आहे. म्हणूनच तक्रार केली नाही अजून. बाईमाणूस आहे, आयुष्यातून उठेल. सही करू दे, विषय संपवू."

"मी इथेच आहे," भिंग समोरून म्हणाली. "माझ्याबद्दल माझ्याशी बोला. आणि आयुष्यातून उठवायची काळजी तुम्ही करू नका. करा तक्रार. मी कपडे भरून तयार आहे."

"बघा! चोराच्या उलट्या बोंबा."

"पोलिसांना बोलवा म्हणणारा चोर मी तरी पाहिलेला नाही," आत्या म्हणाली आणि माईंकडे वळली. "माई, तुमच्या भावाचा फोन तुमच्याकडे आहे ना? ऑपरेशनच्या आधीचा तो फोटो त्यांना दाखवला का? बरं वाटेल त्यांना."

"काकांना आत्ता त्रास नको," पुतण्या चटकन म्हणाला. "डॉक्टरांनी सांगितलंय."

"फोटो बघायला कसला त्रास?" माई म्हणाल्या आणि आत गेल्या. मालकांनी अंगठा लावला, फोटो बघून हसले, आणि थोड्या वेळाने माई उघडा फोन घेऊन बाहेर आल्या.

आत्याने फोन भिंगच्या हातात न देता माईंच्याच हातात ठेवला. "आता माई, तुम्हीच उघडा. त्यात हृदयाचं लाल चित्र आहे. हां, तेच. घड्याळ दिवसभर नाडी मोजतं आणि इथे आलेख काढून ठेवतं. ऑपरेशनच्या दिवशीचा काढा."

माईंनी चष्मा लावला.

"सकाळचे ठोके तुमच्या भावाचे. मग मधे मोकळी जागा दिसते? सिस्टरने घड्याळ काढलं तेव्हाची. आता पुढे बघा."

"पुढे पुन्हा ठोके आहेत," माई म्हणाल्या.

"भाऊ ऑपरेशनच्या टेबलावर असतानाचे. डॉक्टरांनी ज्याचं हृदय थांबवून ठेवलं होतं, त्याचे ठोके कुठून आले, माई?"

पुतण्याचा हात नकळत दुसऱ्या हाताच्या मनगटावर गेला आणि त्याने तो झटकन खाली घेतला.

"मी सांगते काय झालं ते," आत्या म्हणाली. "सिस्टरने काढलेलं घड्याळ यांनी सांभाळायला म्हणून घेतलं आणि बाहीखाली आपल्या हातात घातलं. त्याला कुलूप होतं. आकडा कोणालाच ठाऊक नव्हता, पण त्याची गरजही नव्हती, कारण घड्याळ हातात असताना फोन उघडला की तेही उघडावं अशी सोय यांनीच करून ठेवली होती. म्हणून फोटोचं प्रेम आलं. काकांनी आपल्या अंगठ्याने फोन उघडला आणि बिचाऱ्यांना कळलंही नाही की शेजारच्या बाहीखाली आपलं पाकीटही उघडलं. आता अट एकच होती, घड्याळ हातातून काढायचं नाही. काढलं की कुलूप. म्हणून हे आत गेले नाहीत. हात कोपरापर्यंत धुवायचे तर घड्याळ काढावं लागलं असतं. काकांना बघवत नव्हतं असं नाही, माई. घड्याळ काढवत नव्हतं. भिंग फोन घेऊन काकांजवळ बसेपर्यंत हे थांबले, म्हणजे आळ बरोबर तिच्यावर जावा. मग तुमची गोळी आणायला म्हणून खाली गेले आणि रस्ता ओलांडला."

"हे सगळं तर्कट आहे," पुतण्या म्हणाला, पण त्याच्या आवाजातला गोडवा कुठल्या कुठे गेला होता. "घड्याळ मी घातलं होतं, मान्य. हरवू नये म्हणून घातलं. तेवढ्यावरून मी चोर?"

"पैसे गेले त्या वेळचे ठोके बघा, माई. उधळलेल्या घोड्यासारखे. आणि त्यानंतर लगेच आलेख संपतो. काम झालं, घड्याळ उतरलं. ते तुमच्याकडे कधी दिलं यांनी?"

"गोळी आणली त्याच्याबरोबरच," माई अगदी हळू म्हणाल्या. "म्हणाला, माई, हे तुझ्या पर्समध्ये असू दे." त्यांनी पर्सचा पट्टा घट्ट धरला होता. "बाळ, कार्ड तिच्या खणात तूच ठेवलंस?"

"मग काय करू?" पुतण्या उसळून उठला. "दुकान आमचं! आजोबांनी उघडलेलं! आणि काका ते या पगारी बाईच्या हातात देणार! पैसे मला नको होते, माई, ती कार्डं तशीच पडलीत घरी. ती जायला हवी होती, एवढंच."

भिंगला राग येईल असं आत्याला वाटलं होतं. पण तिच्या चेहऱ्यावर राग नव्हता. दोन दिवसांत पहिल्यांदा तिने खांदे सैल सोडले, भिंतीला टेकली आणि डोळे मिटून घेतले. आत्याला तिचा फार फार अभिमान वाटला. तो तिने या वेळी लपवलाही नाही. सगळ्यांसमोर भाचीचा हात धरला.

७

माईंनी डोळे पुसले, पर्स बंद केली आणि त्या व्यवहाराचं बोलायला लागल्या. घरातल्या मोठ्या बायका अशा वेळी बोलतात तसंच.

"झालं ते झालं. कार्डं परत करू. भावाच्या कानावर नंतर सावकाश घालू. भिंग, तू मोठ्या मनाची आहेस. घरातली गोष्ट घरातच मिटवू. भागीदारीला माझी ना नाही आता."

"भागीदारी मालक देणार आहेत, माई, तुम्ही नाही," भिंग म्हणाली. "आणि मोठं मन माझ्याकडे नाही. ते पगारी बाईला परवडत नाही."

"मग तुला हवंय काय? पोलीस?"

"पोलिसांचं मालक ठरवतील, बरे झाले की. पैसे त्यांचे गेले. माझं नाव गेलंय, त्याचं मी ठरवणार." तिने सही न केलेला कागद उघडला, आडवा फाडला, उभा फाडला आणि बाकाशेजारच्या डब्यात टाकला. "आरोप भर दुकानात केला होता, दारं उघडी ठेवून. इथे कोपऱ्यात कुजबुजून तो परत घेता येणार नाही. दुकानात यायचं, त्याच जागी उभं राहायचं आणि सांगायचं."

"अगं, लोकांसमोर? गिऱ्हाइकांसमोर? दुकानाची अब्रू जाईल!"

"माझी गेली तेव्हा दुकान उघडंच होतं ना?"

माईंनी आत्याकडे पाहिलं. समजावा हिला, असं त्यांच्या डोळ्यांत स्पष्ट होतं.

"मी काय सांगणार?" आत्या म्हणाली. "माझी भाची आहे. माझंच ऐकेल, पण मला तेच म्हणायचंय."

दुसऱ्या दिवशी सकाळी पुतण्या दुकानात आला. आला नसता तर गोष्ट थेट मालकांच्या खोलीत गेली असती. माई त्याच्यामागे होत्या. दुकान भरलेलं होतं. एक आजोबा फ्रेम लावून आरशात बघत होते, एक बाई मुलीचे डोळे तपासून घेत होती, आणि काचकाकाने यंत्र बंद करून मागच्या दारात खुर्ची टाकली होती. आत्या काउंटरला टेकून उभी होती.

पुतण्या भिंगच्या टेबलापाशी जाऊन उभा राहिला. त्याने जमिनीकडे बघत काहीतरी म्हटलं.

"ऐकू आलं नाही," भिंग म्हणाली.

"मी म्हटलं, चोरी तिने केली नव्हती."

"ती कोण? आणि मग केली कोणी?"

आरशासमोरच्या आजोबांनी फ्रेम काढली आणि वळून बघितलं. मुलीची आई उठून उभी राहिली. पुतण्याच्या कपाळावर घाम आला. तो दाराकडे बघायला लागला, आणि दारावरून जाणारी दोन माणसं आतली शांतता ऐकून उंबऱ्याशी घोटाळली.

भिंगने त्यांना पाहिलं. तिने काउंटरची फळी उचलली, बाहेर आली आणि दाराचा दुसरा पंखाही पूर्ण उघडला.

"या ना, आत या," ती त्यांना म्हणाली. "हे आता पहिल्यापासून सांगणार आहेत."